रीइफिकेशन: एका जड शब्दाची आणि आपल्या दारिद्र्यरेषेची गोष्ट

गेले काही दिवस एक शब्द डोक्यात घोळतोय. रीइफिकेशन. उच्चारायलाही जडच आहे. मराठीत कुणी त्याला वस्तूकरण म्हणतं, कुणी मूर्तीकरण. जी गोष्ट मुळात कल्पना आहे, नातं आहे किंवा हिशोबाची सोय आहे, तिला हाताने धरता येईल अशी वस्तू करून टाकायचं, असा त्याचा ढोबळ अर्थ. गंमत म्हणजे समाजशास्त्राच्या पुस्तकात हा शब्द जवळपास शिवी म्हणून येतो, आणि संगणकवाल्यांच्या पुस्तकात कौशल्य म्हणून. म्हणून जरा खोदून बघितलं. खोदता खोदता पुण्याच्या गोखले इन्स्टिट्यूटपर्यंत आणि तिथून पिवळ्या रेशनकार्डापर्यंत पोचलो. पोस्ट लांब आहे, पण सवडीने वाचा.

आधी शब्द. लॅटिनमध्ये 'रेस' म्हणजे वस्तू, बाब. 'रिपब्लिक'मधला 'रे' तोच, सार्वजनिक बाब या अर्थाचा. त्याला 'करणे' जोडलं की झालं रीइफिकेशन. इंग्रजीत तो एकोणिसाव्या शतकापासून आहे, पण त्याला धार आली ती जर्मनमधून. तिकडे 'डिंग' म्हणजे वस्तू, आणि त्यावरून बनलेला 'फेरडिंगलिखुंग' हा शब्द मार्क्सच्या लिखाणात येतो. हंगेरियन विचारवंत ग्योर्गी लुकाच यांनी १९२३ साली 'इतिहास आणि वर्गजाणीव' या पुस्तकात त्यावर एक मोठा निबंधच लिहिला, आणि शब्द गाजला.

मार्क्सचं म्हणणं आपल्याला समजायला अवघड नाही. आपण म्हणतो, 'कांद्याचा भाव पडला.' कसा पडला? पाऊस पडतो तसा? भाव आपोआप पडत नाही. त्यामागे लिलावात बोली लावणारे व्यापारी असतात, निर्यातीचा हुकूम काढणारं सरकार असतं, थांबायची ऐपत नसल्याने माल आणून ओतणारा शेतकरी असतो. म्हणजे तो माणसा-माणसांतला व्यवहार आहे. पण बोलताना वाटतं की कांद्यालाच काही अंगभूत भाव असतो आणि तो स्वतःच्या मर्जीने चढतो-उतरतो. लुकाच यांनी हे बाजारापुरतं ठेवलं नाही. कारखान्यातलं घड्याळ, कचेरीतली फाईल, कायद्याचं कलम, माणसाने केलेल्या अशा सगळ्याच गोष्टी माणसाला निसर्गनियमासारख्या अटळ वाटायला लागतात, असं त्यांचं म्हणणं.

मार्क्सशी काही देणंघेणं नसलेल्यांनीही हाच रोग ओळखला होता. गणिती तत्त्वज्ञ व्हाइटहेड यांनी १९२५ मध्ये अमूर्ताला चुकून मूर्त समजण्याच्या दोषाला वेगळं नाव दिलं. पुढे १९८१ मध्ये स्टीफन जे गुल्ड यांनी बुद्ध्यंकाची कथा याच अंगाने सांगितली. फ्रान्समध्ये बिने यांनी १९०५ साली चाचणी बनवली ती शाळेत मागे पडणारी मुलं ओळखून त्यांना जास्तीची मदत द्यायला. अमेरिकेत गेल्यावर त्याच चाचणीचा आकडा म्हणजे डोक्यात जन्मतः बसवलेली एक वस्तू असं मानलं जाऊ लागलं. मदतीसाठी केलेली खूण माणसाला चिकटून बसली. ही गोष्ट लक्षात ठेवा, पुढे लागेल.

आता संगणकवाले. त्यांच्याकडे १९८० च्या दशकात हा शब्द रुळला. साधं उदाहरण घ्या. डेटाबेसमध्ये दोन माणसं आहेत आणि त्यांच्यात 'विवाहित' असं नातं आहे. ते नातं म्हणजे दोघांना जोडणारी नुसती रेघ. पण लग्नाची तारीख कुठे लिहायची? ठिकाण कुठे लिहायचं? ती माहिती ना तिची, ना त्याची. मग 'विवाह' हीच एक स्वतंत्र वस्तू मानायची, तिला नोंदणी क्रमांक द्यायचा, आणि तारीख-ठिकाण तिला जोडायचं. आपल्या विवाह नोंदणीच्या रजिस्टरात हेच तर होतं. यात काही पाप नाही, उलट याशिवाय काम चालत नाही. फरक एवढाच की वस्तू आपण बनवली आहे हे बनवणाऱ्याला ठाऊक असतं, आणि गरज संपली की ती मोडून दुसरी बनवता येते.

खरं तर आपल्याला हे कुणी शिकवायला नको. शाडूची मूर्ती आणतो, प्राणप्रतिष्ठा करतो, दीड दिवस नाहीतर दहा दिवस तिला साक्षात देव मानतो, मग उत्तरपूजा आणि विसर्जन. प्राण कधी घातला आणि कधी काढला, याचा हिशोब घरातल्या पोरासोरांनाही असतो.

सरकारी मूर्तींची उत्तरपूजा मात्र होत नाही. दारिद्र्यरेषेचंच बघा.

भारतातली गरिबी रुपयांत मोजायचा पहिला मोठा प्रयत्न दादाभाई नौरोजींचा. १८७६ साली मुंबईत वाचलेल्या निबंधात त्यांनी तुरुंगातल्या कैद्याला काय शिधा मिळतो आणि परदेशी जाणाऱ्या मजुराला जहाजावर काय लागतं, हे धरून माणसाच्या वर्षाच्या किमान गरजेचा हिशोब मांडला. प्रांताप्रमाणे साधारण १६ ते ३५ रुपये. आणि देशाचं दरडोई उत्पन्न त्यांच्या हिशोबाने २० रुपयांच्या आसपास. म्हणजे बहुतेकांना कैद्याइतकंही धड मिळत नाही. तो आकडा ब्रिटिश सरकारच्या तोंडावर मारण्यासाठी होता. अमुक माणूस गरीब आणि तमुक नाही, हे ठरवायला नव्हता.

स्वातंत्र्यानंतर १९६२ मध्ये एका कार्यगटाने माणशी महिना २० रुपये ही किमान गरज धरली. मग १९७१ मध्ये पुण्यातल्या गोखले इन्स्टिट्यूटचे वि. म. दांडेकर आणि नीलकंठ रथ यांचा 'पॉव्हर्टी इन इंडिया' हा अभ्यास आला. (योगायोग म्हणजे लुकाच यांचं ते पुस्तक इंग्रजीत आलं तेही १९७१ सालीच, आणि लुकाच गेलेही त्याच वर्षी.) दांडेकर-रथ यांनी माणशी रोज २,२५० उष्मांक ही कसोटी धरली. राष्ट्रीय नमुना पाहणीच्या तक्त्यांत, महिन्याला किती खर्च करणाऱ्या कुटुंबांना सरासरी एवढं अन्न मिळतं ते पाहिलं, आणि १९६०-६१ च्या किमतींना खेड्यात १५ रुपये व शहरात साडेबावीस रुपये अशी रेषा काढली. निष्कर्ष हादरवणारा होता. खेड्यातले सुमारे ४० टक्के आणि शहरातले सुमारे ५० टक्के लोक रेषेखाली.

इथे 'सरासरी' या शब्दाकडे लक्ष द्या. पंधरा रुपये खर्चणाऱ्यांत कुणाला २,२५० पेक्षा जास्त उष्मांक मिळत होते, कुणाला कमी. चौदा रुपयेवाला उपाशी आणि सोळा रुपयेवाला तृप्त, असा तिचा अर्थ कधीच नव्हता. शिवाय ती नमुना पाहणी. देशातली थोडी कुटुंबं निवडायची आणि त्यावरून सगळ्यांचा अंदाज बांधायचा. अशा पाहणीतून 'गरीब किती' याचं बऱ्यापैकी उत्तर मिळतं. 'गरीब कोण' याचं उत्तर मिळूच शकत नाही, कारण तुमच्या-माझ्या घरी कुणी विचारायला आलेलंच नसतं.

दांडेकर-रथ यांनाही हे कळत होतं असं मला वाटतं, कारण त्यांनी सुचवलेला उपाय यादी करण्याचा नव्हता. त्यांचा भर सार्वजनिक कामं काढून रोजगार देण्यावर होता. आणि महाराष्ट्राने नेमकं ते केलंही. १९७२ च्या दुष्काळात वि. स. पागे यांच्या कल्पनेतली रोजगार हमी योजना मोठ्या प्रमाणावर राबली, १९७७ मध्ये तिचा कायदा झाला. तिथे कुणी तुमचं कार्ड विचारत नव्हतं. खडी फोडायची तयारी आहे ना, मग या. ज्याची ऐपत आहे तो भर उन्हात घमेलं उचलायला येणारच नाही, एवढी साधी चाळणी. गरीब कोण हे गरिबाने स्वतः ठरवायचं. माझ्या मते महाराष्ट्राच्या कारभारातली ही सगळ्यात शहाणी गोष्ट होती.

दिल्लीत रेषा मात्र मोठी होत गेली. १९७९ मध्ये नियोजन आयोगाच्या कृती दलाने खेड्यात २,४०० आणि शहरात २,१०० उष्मांक धरले, १९७३-७४ च्या किमतींना ४९ रुपये ९ पैसे आणि ५६ रुपये ६४ पैसे. पैशांपर्यंतचा आकडा बघा, जणू फूटपट्टी लावून सापडला! मग वर्षानुवर्षं त्यावर महागाई चढवत राहिले.

खरी उडी पडली १९९७ मध्ये. तोपर्यंत रेशन सगळ्यांना होतं. त्या वर्षी 'लक्ष्य निर्धारित' वितरण आलं आणि स्वस्त धान्य रेषेखालच्यांसाठी वेगळं काढलं. आता रेषेला नावांची यादी पाहिजे झाली. 'किती'च्या उत्तरातून 'कोण' काढायची वेळ आली. आपल्याकडे १९९९ पासून तिरंगी कार्डं आली: १५ हजारांपर्यंत वार्षिक उत्पन्न असेल तर पिवळं, लाखापर्यंत केशरी, त्यावर पांढरं. म्हणजे पंधरा हजार एक रुपयावर गरिबी संपते.

२००२ ची बीपीएल पाहणी तर बघण्यासारखी आहे. तेरा प्रश्न, प्रत्येकाला शून्य ते चार गुण, एकूण बावन्न. जमीन किती, घर कसं, अंगावर घालायला कपडे किती, दोन वेळचं जेवण मिळतं का, घरात पंखा-टीव्ही आहे का, कर्ज कुणाकडून. आणि कळीची गोष्ट अशी, की राज्यात एकूण किती कुटुंबं रेषेखाली दाखवता येतील, त्याची मर्यादा नियोजन आयोगाच्या अंदाजावरून आधीच बांधलेली. म्हणजे नमुना पाहणीतून निघालेला अंदाज आता कोटा झाला. गावात एकाचं नाव यादीत घालायचं तर दुसऱ्याचं काढायचं. सक्सेना समितीने २००९ मध्ये सांगितलं की गरिबांतला मोठा हिस्सा या याद्यांच्या बाहेरच राहिला. त्यात नवल काय?

लुकाच यांनी निबंधात जे सांगितलं ते आपल्या बोलण्यात दिसायला लागलं. 'तो बीपीएल आहे.' 'आमचं बीपीएल कापलं.' 'तिचं बीपीएलमध्ये बसत नाही.' बीपीएल ही माणसाची जात असावी, नाहीतर खिशातली वस्तू, अशी ही वाक्यं आहेत. उपाशी आहे का, आजारी आहे का, कामाला हात आहेत का, हे प्रश्न मागे पडले.

कुणी म्हणेल, मग काय गरिबी ही नुसती कल्पना आहे? अजिबात नाही. डॉ. आंबेडकरांनी १९३६ मध्ये जातीबद्दल मांडलं होतं की ती विटांची भिंत नाही, मनातली धारणा आहे. त्याचा अर्थ जात खोटी असा त्यांनी काढला नाही. भिंतीपेक्षा ती पाडायला अवघड आहे असा काढला. भूक तर खरीच आहे. बनवलेली आहे ती रेषा.

आणि ती किती बनवलेली आहे हे २०११ मध्ये सगळ्या देशाने पाहिलं. सुरेश तेंडुलकर समितीने उष्मांकांचा धागा सोडून नवी पद्धत दिली होती. तिच्या आधारे नियोजन आयोगाने सर्वोच्च न्यायालयात प्रतिज्ञापत्र दिलं: शहरात दिवसाला ३२ रुपये, खेड्यात २६. गदारोळ झाला. तेंडुलकर स्वतः त्याआधी जूनमध्येच वारले होते, बाजू मांडायला नव्हते. शेवटी आयोगाला सांगावं लागलं की या आकड्यावरून लाभार्थी ठरवणार नाही. मग रंगराजन समिती आली, तिने २०१४ मध्ये शहरात ४७ आणि खेड्यात ३२ रुपये धरले. तेंडुलकर पद्धतीने २०११-१२ मध्ये देशात सुमारे २७ कोटी गरीब, रंगराजन पद्धतीने त्याच वर्षी ३६ कोटींच्या वर. नऊ कोटी माणसं फक्त पद्धत बदलल्याने रेषेच्या वर किंवा खाली. त्यांच्या ताटात एक घासही इकडचा तिकडे झालेला नाही.

रंगराजन यांचा अहवाल सरकारने स्वीकारला नाही, पुढे नियोजन आयोगच गेला. २०१३ च्या अन्नसुरक्षा कायद्याने रेशनसाठी 'प्राधान्य कुटुंब' हा नवा शब्द आणला आणि रेषेचा रेशनवरचा पगडा बराच कमी झाला. पण ज्या आयोगाच्या अंदाजावर २००२ ची यादी बांधली तो आयोग उरला नाही, आणि ती यादी उरली. आजही ग्रामपंचायतीत दारिद्र्यरेषेखालील असल्याचा दाखला मिळतो. २००२ मध्ये जन्मलेलं पोर आता स्वतः कमावतं झालंय. त्या यादीतली किती माणसं वारली असतील, किती घरं वेगळी झाली असतील.

मला एवढंच हवंय: तुमच्या गावात दाखला देताना नेमकी कुठल्या सालची यादी बघतात, आणि कुठल्या योजनांना अजून तो मागतात, ते विचारून खाली लिहा. तालुक्याचं नाव घाला, माणसांची नावं नकोत.