ऐकू न येण्याचा इतिहास

स्मरणिकेसाठी लेख मागताना संपादक मंडळाने 'शाळेच्या आठवणी' असा विषय दिला. आठवणी तुम्ही सगळे माझ्यापेक्षा चांगल्या लिहाल, कारण वर्गात काय काय बोललं गेलं ते तुम्हाला पूर्ण ऐकू आलेलं आहे. म्हणून मी थोडा इतिहास लिहायचं ठरवलं. खरं तर इतिहास हा माझा विषय नव्हे. मी इंजिनिअर, वीस-बावीस वर्षं सॉफ्टवेअरमध्ये काम करते. पण शाळेच्या दहा वर्षांत माझ्या वाट्याला जे आलं, त्याच्यामागे अडीचशे वर्षांचा इतिहास होता, हे मला शाळा सुटल्यावर फार उशिरा समजलं. तो समजला तेव्हा माझी मला नव्याने ओळख झाली. ती तुम्हालाही करून द्यावी, एवढाच या लेखाचा हेतू.

आपल्या १९९६ च्या तुकडीला माझ्याबद्दल एवढंच माहीत होतं, की 'हिला जरा कमी ऐकू येतं.' त्या 'जरा'चा हिशोब असा. चौथ्या वर्षी मला मेंदूज्वर झाला. ताप उतरला, पण जाताना दोन्ही कानांतलं बरंचसं ऐकू येणं घेऊन गेला. तपासणीत आकडा निघाला ६५ डेसिबल. माणसं समोरासमोर बसून साधं बोलतात तो आवाज साधारण ६० डेसिबलचा असतो. म्हणजे यंत्राशिवाय तुमचं रोजचं बोलणं माझ्या उंबरठ्यापर्यंत यायचं आणि तिथूनच परत जायचं. त्यातही बारीक, उंच पट्टीचे आवाज आधी गेले. स, श यांचा तर पत्ताच नसायचा. 'शाळा' मला 'आळा' ऐकू यायची.

पहिलीत आले तेव्हा छातीशी खिशातलं श्रवणयंत्र होतं. काड्यापेटीहून मोठी डबी, तिच्यात पेन्सिल सेल आणि कानापर्यंत गेलेली वायर. आईने त्यासाठी खणाच्या कापडाची पिशवी शिवली होती. ते यंत्र सगळेच आवाज सरसकट मोठे करायचं. बाईंचा आवाज, बाक सरकवल्याचा आवाज आणि माझ्याच फ्रॉकची त्यावर होणारी खरखर, तिन्ही सारख्याच मानाने. पावसाळ्यात ओल धरलं की ते बंद पडायचं, आणि कानातला साचा सैल बसला की शिट्टी वाजायची. त्या शिट्टीला तुम्ही हसायचात तेव्हा मीही हसायचे. शिट्टी मला ऐकू यायची नाही, पण सगळे हसत असले की हसायचं, हा नियम मी फार लवकर शिकले होते.

उरलेलं काम डोळ्यांनी. यासाठी आपल्या वर्णमालेइतकं चांगलं साधन दुसरं नाही. आपले पूर्वज अक्षरं तोंडात कुठून निघतात त्या क्रमाने लावून गेले आहेत: कंठ्य, तालव्य, मूर्धन्य, दंत्य, ओष्ठ्य. ओठ वाचणाऱ्याच्या दृष्टीने हाच क्रम अंधारातून उजेडाकडे जाणारा आहे. क, ख, ग, घ घशातच राहतात, काहीच दिसत नाही. ट आणि त यांतला फरक जिभेचा, तोही दातांआड. स्वच्छ दिसतो तो शेवटचा प-वर्ग. पण त्यातही गोम आहे: प, ब, म ओठांवर अगदी सारखे दिसतात. 'पार', 'बार', 'मार' किंवा 'पाळ', 'बाळ', 'माळ' आरशासमोर आवाज न करता म्हणून पाहा. शुद्धलेखनाच्या तासाला बाई रांगांमधून फिरत शब्द सांगायच्या. त्या माझ्या पाठीमागे गेल्या की माझी पाटी कोरी राहायची, आणि समोर आल्या तरी बाळ की माळ हे मला वाक्याच्या अंदाजाने ठरवावं लागायचं. ओष्ठवाचन म्हणजे निम्म्याहून जास्त अंदाज. तुम्ही संध्याकाळी खेळायला ताजेतवाने असायचात आणि मी दमलेली, त्याचं कारण हे.

खेळावरून आठवलं. आपल्या खो-खोच्या संघात मी होते, हे काहींना आठवत असेल. खो-खोत 'खो' तोंडाने म्हणावा लागतोच, पण पाठीवर हाताने थाप मारून द्यावाही लागतो. शाळेतला हा एकच निरोप मला तुमच्याइतकाच पूर्ण मिळायचा.

आता इतिहासाकडे वळते. कानाचं निदान झाल्यावर एका मोठ्या शहरातल्या तज्ज्ञांनी आईला बजावलं होतं, 'हिच्याशी हातांनी खुणा करू नका, नाहीतर ही बोलणार नाही.' आईने ते व्रतासारखं पाळलं. रोज संध्याकाळी आम्ही आरशासमोर बसायचो. फ म्हटला की तोंडासमोर धरलेली कागदाची पट्टी हलली पाहिजे, ब म्हणताना गळा थरथरला पाहिजे आणि म म्हणताना नाक. ओठांना न दिसणारा फरक मी बोटांनी शिकले. आज मी बोलते ते त्या आरशाच्या जोरावर, आणि आईच्या त्या कष्टांना तोड नाही. पण 'खुणा करू नका' हा सल्ला त्या तज्ज्ञांचा स्वतःचा नव्हता. तो शंभर वर्षांपूर्वी इटलीतून निघाला होता.

अठराव्या शतकात, १७६० च्या सुमारास, पॅरिसमध्ये आबे द लेपे नावाच्या धर्मगुरूंनी बधिर मुलांसाठी शाळा काढली. मुलं आपापसांत ज्या खुणा करतात त्यांच्याच आधाराने शिकवायचं, ही त्यांची रीत. पुढे त्याच परंपरेतले लोराँ क्लेर, जे स्वतः बधिर होते, थॉमस गॅलॉडेट यांच्याबरोबर अमेरिकेला गेले. १८१७ मध्ये दोघांनी हार्टफर्डला शाळा सुरू केली. बधिर शिक्षक बधिर मुलांना त्यांच्या भाषेत शिकवत आहेत, असे ते दिवस होते.

मग १८८० मध्ये मिलान शहरात बधिरांच्या शिक्षणाबद्दल आंतरराष्ट्रीय परिषद भरली. दीडशेहून अधिक प्रतिनिधींमध्ये बधिर माणूस फक्त एक होता. परिषदेने प्रचंड बहुमताने ठराव केला, की खुणांपेक्षा तोंडी बोलण्याची पद्धत श्रेष्ठ आहे आणि शिक्षणात तीच वापरावी. पाहता पाहता अनेक देशांत वर्गांतून खुणा हद्दपार झाल्या आणि बधिर शिक्षकांच्या नोकऱ्या गेल्या. ठरावामागचा विचार दुष्टपणाचा नव्हता. मूल ऐकणाऱ्यांसारखं दिसलं, बोललं, की ते सुखी होईल, अशी त्यांची खरीच समजूत होती. पण त्याचा दुसरा अर्थ असा झाला, की मूल जितकं स्वतःला लपवेल तितकं ते हुशार. त्या परिषदेला याबद्दल खेद व्यक्त करायला १३० वर्षं लागली. २०१० मध्ये व्हँकुव्हरला त्याच परिषदमालिकेने मिलानचे ठराव नाकारले.

भारतातली बधिर मुलांची पहिली शाळा आपल्या मुंबईत, माझगावला, मिलाननंतर काही वर्षांतच निघाली. नंतर १८९३ मध्ये कलकत्त्याची शाळा आली. आपल्याकडच्या शाळांवरही तोंडी पद्धतीचाच पगडा राहिला. तरी मुलं मुलंच असतात. वर्गात हात बांधून बसायचं आणि मधल्या सुट्टीत, वसतिगृहात हातांनी भरभरून बोलायचं. भाषा अशी लपून-छपून जगली. १९७० च्या दशकात भाषाशास्त्रज्ञांनी दिल्ली, मुंबई, कलकत्ता, बंगळूर इथल्या खुणांचा अभ्यास केला, तेव्हा दिसलं की हे हातवारे नाहीत, ही व्याकरण असलेली भाषा आहे. भारतीय सांकेतिक भाषेत प्रश्नार्थक शब्द वाक्याच्या शेवटी येतो. 'तुझं नाव काय?' या आपल्या वाक्यात येतो तसाच.

आपण दुसरीच्या वार्षिक परीक्षेच्या तयारीत होतो त्या मार्च १९८८ मध्ये, अमेरिकेतल्या गॅलॉडेट विद्यापीठात बधिर विद्यार्थ्यांनी आठवडाभर विद्यापीठ बंद पाडलं. बधिरांच्या या विद्यापीठाला सव्वाशे वर्षांत एकही बधिर अध्यक्ष मिळालेला नव्हता. विद्यार्थी जिंकले आणि किंग जॉर्डन अध्यक्ष झाले. मला हे तेव्हा कळलं असतं तर? आठ वर्षांच्या मुलीला फार काही समजलं नसतं. पण आपल्यासारखी पुष्कळ माणसं जगात आहेत आणि ती भांडूही शकतात, एवढं नक्की समजलं असतं. माझ्या ओळखीत कमी ऐकू येणारे होते ते फक्त आजोबा.

इंजिनिअरिंगला गेल्यावर यंत्रांचा इतिहास हाती लागला. टेलिफोनचं पेटंट १८७६ मध्ये घेणाऱ्या ग्रॅहम बेल यांच्या आईला आणि पत्नीलाही ऐकू येत नव्हतं, आणि बेल तोंडी पद्धतीचे कट्टर पुरस्कर्ते होते. त्यांचा टेलिफोन मात्र बधिरांना जवळजवळ नव्वद वर्षं बंद दार होता. ते दार उघडलं रॉबर्ट वाइटब्रेख्ट या बधिर भौतिकशास्त्रज्ञाने. १९६४ मध्ये त्यांनी टंकलेखी यंत्रं टेलिफोनच्या तारेवरून एकमेकांना जोडून दाखवली. आणि ट्रान्झिस्टर! १९४७ मध्ये बेल प्रयोगशाळेत लागलेला तो शोध सामान्य माणसाच्या हातात प्रथम आला तो श्रवणयंत्रातून, १९५२ च्या अखेरीस. ट्रान्झिस्टर रेडिओ त्यानंतर, १९५४ मध्ये. श्रवणयंत्रांसाठी त्या शोधाचं स्वामित्वशुल्कही बेल यांच्या स्मरणार्थ माफ केलं होतं. म्हणजे ज्या डबीची मला लाज वाटायची, ती इलेक्ट्रॉनिक्सच्या घरातली थोरली बहीण निघाली. तिसऱ्या वर्षाला डिजिटल सिग्नल प्रोसेसिंग शिकताना माझ्या ध्यानात आलं, की आवाजाचे पट्टे वेगळे करून हवा तोच पट्टा मोठा करता येतो. पहिल्या पगारातून मी तसलं, कानामागचं डिजिटल यंत्र घेतलं. मग 'शाळा'तला 'श' पहिल्यांदा नीट ऐकला. मला वाटायचं तितका तो गोड नव्हता. जरा कर्कशच होता.

इंटरनेटचा पाया घालणाऱ्यांपैकी विन्ट सर्फ लहानपणापासून श्रवणयंत्र वापरतात, हे वाचलं त्या दिवशी मी ऑफिसात सगळ्यांना चहा पाजला. ई-मेलमध्ये कुणीच कुणाकडे पाठ करून बोलत नाही. या व्यवसायात मी टिकले यात त्याचा मोठा वाटा आहे.

कायद्याचीही एक तारीख सांगते. अपंग व्यक्तींसाठीचा १९९५ चा कायदा अमलात आला ७ फेब्रुवारी १९९६ रोजी. आपली दहावीची परीक्षा मार्चमध्ये होती. म्हणजे कायद्याच्या लेखी मी आपल्या शाळेत महिनाभरच होते. त्यापूर्वी मला मिळालं ते हक्काने नव्हे, तर माणसांच्या भलेपणाने: माझ्याकडे तोंड करून शिकवणारे गणिताचे सर, आणि आपली वही न मागता पुढे सरकवणारी बाकावरची मैत्रीण. भलेपणाचं मोल मोठं आहे. पण ते सगळ्या वर्गांत आणि सगळ्या तासांना सारखं नसतं, म्हणून हक्क लागतो. २०१६ च्या कायद्याने बधिर आणि कमी ऐकू येणारे असे दोन गट केले. ७० डेसिबलपासून पुढे बधिर, ६० ते ७० च्या मधले दुसऱ्या गटात. कागदावर मी दुसऱ्या गटातली. त्याच कायद्याने सांकेतिक भाषेलाही संवादाचं साधन मानलं. २०१५ मध्ये दिल्लीत या भाषेसाठी स्वतंत्र केंद्र स्थापन झालं. २०१८ मध्ये त्यांचा तीन हजार शब्दांचा पहिला कोश निघाला, तो २०२१ पर्यंत दहा हजारांवर गेला.

पस्तिशी ओलांडल्यावर मी ही भाषा शिकायला गेले. बोटं सुरुवातीला अगदी शुद्धलेखनाच्या पाटीसारखी कोरी. बधिर मंडळी एकमेकांना खुणेचं नाव देतात. ते स्वतः घ्यायचं नसतं, इतरांनी द्यायचं असतं. दोन महिने माझं निरीक्षण करून त्यांनी मला नाव दिलं: दोन बोटांनी केस कानावर ओढून घेणारी. तीस वर्षं मी जे नकळत करत होते, तेच माझं नाव झालं. कुणी त्याला हसलं नाही, कीवही केली नाही. माझ्यात त्यांना जे आधी दिसलं ते त्यांनी सांगितलं, इतकंच. त्या खोलीत मी चार तास होते आणि दमले नव्हते.

तेव्हापासून मला कुणी विचारलं, 'तू आमच्यातली की त्यांच्यातली?' तर मी दोन्हीकडची आहे असं सांगते. मराठी ही माझी आईने आरशासमोर घडवलेली भाषा आहे, आणि सांकेतिक भाषा मी स्वतः शोधून मिळवलेली. एक शिकायला दुसरी सोडावी लागते, ही मिलानची समजूत होती. माझ्या बाबतीत तरी ती खरी ठरली नाही. 'मूकबधिर' हा शब्द मात्र आता सोडू या. ज्याला ऐकू येत नाही तो मुका असतोच असं नाही, आणि हातांनी बोलणाऱ्याला मुका म्हणणं तर चूकच.

मित्रमैत्रिणींनो, मेळाव्याला आपण भेटूच. ढोल-ताशाच्या बाजूला मला बसवू नका. माझ्याशी बोलताना चेहऱ्यावर उजेड येईल असे उभे राहा, ओरडू नका, आणि तोंडासमोर हात धरू नका. पण या सगळ्यापेक्षा महत्त्वाचं एकच. एखादा विनोद झाला, सगळे हसले आणि मी 'काय, काय?' असं विचारलं, की शाळेत उत्तर मिळायचं, 'काही नाही गं, नंतर सांगते.' ते 'नंतर' तीस वर्षांत आलेलं नाही. यंदा तेव्हाच सांगा. दोनदा सांगावं लागलं तर दोनदा सांगा. विनोद फुसका असला तरी चालेल, त्यावर हसायचं की नाही ते माझं मी ठरवीन.