पडद्यावर बोलणारी वेरा

मागच्या बैठकीत विषय निघाला होता, की सिनेमातली गावाकडची बाई आपल्यासारखी का दिसत नाही. निंदणी-खुरपणी करूनही तिची साडी मळत नाही, म्हणून आम्ही पोट धरून हसलो. तेव्हाच ठरवलं, आज रशियातल्या वेरा मारेत्स्कायाबद्दल बोलायचं.

वेराचा जन्म १९०६ सालचा, मॉस्कोजवळच्या बारविखा गावातला. युरी झवाद्स्की या दिग्दर्शकाशी तिचं लग्न झालं, मुलगा झाला. पुढे संसार मोडला, पण एकत्र नाटक करणं दोघांनी जन्मभर सोडलं नाही. (आपल्याकडे फारकत झाली की बाईचं कामही सुटतं.) १९३६ मध्ये त्यांची नाटकमंडळी रोस्तोव शहरात गेली. तिथलं नाट्यगृह चक्क ट्रॅक्टरसारखं दिसणारं! शेतीत यंत्रं आणायचा तेव्हा सरकारचा केवढा ध्यास होता, ते त्यावरून कळतं.

१९३९ साली तिचा ‘सरकारची सदस्य’ हा सिनेमा तयार झाला. त्यातली अलेक्झांड्रा साधी मजूर. गावाने जमिनी एकत्र करून चालवलेल्या सामूहिक शेतीची ती प्रमुख होते. नवऱ्याला ते सोसत नाही, तो निघून जातो. शेवटी ती देशाच्या सर्वोच्च सभागृहात उभी राहते आणि आपण नवऱ्याचा मार खाल्लाय हे सगळ्यांदेखत सांगते. ग्रामसभेत पहिल्यांदा उठून बोलताना पाय कसे लटपटतात, हे आपल्याला माहीत आहे.

पण सिनेमाने सांगितलं नाही ते असं. ती सामूहिक शेती बहुतेक ठिकाणी जबरदस्तीने लादली होती. विरोध करणाऱ्या कुटुंबांना गावातून हाकललं, धान्य उचलून नेलं, आणि १९३२-३३ च्या दुष्काळात लाखो माणसं भुकेने मेली. वेराच्या घरातही दुःख होतं. स्टालिनच्या राजवटीत तिच्या दोन भावांना अटक झाली आणि गोळ्या घातल्या गेल्या. अशा माणसांची नावं तेव्हा घरातसुद्धा हळू आवाजात घ्यायची. आणि त्याच राजवटीने वेराला स्टालिन पारितोषिकं दिली! पडद्यावर भर सभेत बोलणारी बाई, घरी मात्र तोंडाला कुलूप. कुणी म्हणेल, ती गप्प का राहिली? पदरात लेकरू होतं. आम्ही तिला बोल लावत नाही. मात्र त्या सिनेमाला खरा इतिहासही मानत नाही.

युद्धात तिचा दुसरा नवरा आघाडीवर मारला गेला. त्याच काळात, १९४३ मध्ये, ती पडद्यावर लेकरू गमावलेली आई झाली होती. १९४७ च्या ‘खेड्यातली शिक्षिका’ या सिनेमात चाळिशीतल्या वेराने तरुणपणापासून म्हातारपणापर्यंतची मास्तरीण रंगवली.

रंगभूमीवर मात्र तिला हसवायला आवडे. मॉस्कोच्या मोसोव्हेट नाट्यगृहात तिने मिरांदोलिना केली. ही स्वतःची खानावळ चालवणारी हुशार बाई. मोठमोठे सरदार मागे लागतात, पण लग्न करते ती आपल्याच नोकराशी. आम्हाला विचाराल तर हीच आमची आवडती.

अखेरच्या काळात, आजारी असूनही, तिने मिसेस सॅव्हेज ही भूमिका केली. इस्टेटीसाठी सावत्र मुलांनी वेड्यांच्या इस्पितळात टाकलेली विधवा. १९७८ च्या ऑगस्टमध्ये वेरा गेली.