ऑक्टेन वाढला, मग ॲव्हरेज का घटलं? ई२० पेट्रोल समजून घेऊ

पंपावर साधं पेट्रोल म्हणून आता जे मिळतं ते ई२०, म्हणजे त्यात २० टक्क्यांपर्यंत इथेनॉल असतं. ऊस, मका यांपासून बनवलेलं. यावर मला एकच प्रश्न सारखा विचारला जातो: "आधी ऑक्टेन ९१ होता, आता ९५ झाला. मग ॲव्हरेज वाढायला हवं ना?"

नाही. ऑक्टेन वेगळा, ऊर्जा वेगळी.

सिलिंडरमध्ये पिस्टन हवा आणि पेट्रोलचं मिश्रण दाबतो, त्यामुळे ते तापतं. स्पार्क प्लगची ठिणगी पडल्यावर ज्योत तिथून पुढे पसरत जायला हवी. ती पोचायच्या आधीच उरलेलं मिश्रण आपोआप भडकलं, तर इंजिनातून टकटक आवाज येतो. यालाच नॉकिंग म्हणतात. ऑक्टेन जितका जास्त, तितकं इंधन दाब आणि उष्णता जास्त सहन करतं, बस्स! म्हणून मॅन्युअलमध्ये सांगितलं नसेल तर १०० सीसीच्या गाडीत महागडं 'पॉवर पेट्रोल' टाकणं मला तरी पैसे वाया घालवणं वाटतं.

आता ऊर्जा. एक लिटर शुद्ध पेट्रोलमध्ये साधारण ३२ मेगाज्यूल, तर इथेनॉलमध्ये फक्त २१. ८०-२० मिसळलं की जवळपास ३० उरतात, म्हणजे ६-७ टक्के घट. ५० चं ॲव्हरेज देणारी गाडी नुसत्या हिशेबाने ४६-४७ वर येते. प्रत्यक्षात इंजिनाच्या ट्यूनिंगप्रमाणे फरक कमी-जास्त होतो.

खरी अडचण जुन्या कार्ब्युरेटरवाल्या गाड्यांची. १ किलो पेट्रोल जाळायला सुमारे १४.७ किलो हवा लागते, इथेनॉलला ९ च पुरते, कारण त्याच्यात स्वतःचा ऑक्सिजन असतो. म्हणजे तेवढ्याच हवेत ई२० थोडं जास्त सोडावं लागतं. फ्युएल इंजेक्शनच्या गाडीत ऑक्सिजन सेन्सर हे ओळखतो आणि ईसीयू प्रमाण बदलतो. कार्ब्युरेटरच्या जेटचं भोक मात्र ठरलेलं. मग मिश्रण लीन होतं, थंडीत स्टार्टिंगला त्रास होतो, रेस दिल्यावर गाडी अडखळते.

शिवाय इथेनॉल पाणी ओढतं. पाणी फार झालं तर इथेनॉल त्याच्यासोबत पेट्रोलपासून वेगळं होऊन टाकीच्या तळाशी बसतं, आणि इंजिनाला इंधन जातं तळातूनच. पावसाळ्यात गाडी महिनोन्‌महिने उभी राहणार असेल तर टाकी अर्धी रिकामी ठेवू नका. आणि टाकीच्या झाकणाजवळ ई२० चा स्टिकर नसेल, तर पुढच्या सर्व्हिसिंगला रबरी पाईप आणि सील तेवढे तपासून घ्या.