'एक शून्य शून्य' ते 'सीआयडी'

मराठी प्रेक्षकांना पोलिसी तपासाची खरी ओळख छोट्या पडद्याने करून दिली, ती 'एक शून्य शून्य'मधून. पोलिसांच्या मदतीसाठी फिरवायच्या दूरध्वनी क्रमांकावरून नाव घेतलेल्या या मालिकेचे दिग्दर्शक होते बी. पी. (ब्रिजेंद्र पाल) सिंग. पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये छायालेखनाचे शिक्षण घेऊन ते १९७३ मध्ये मुंबई दूरदर्शनवर वृत्तविभागाचे कॅमेरामन म्हणून रुजू झाले. कॅमेऱ्यामागील अनुभवानंतर 'सिर्फ चार दिन' या रहस्यपटाद्वारे ते दिग्दर्शनाकडे वळले.

१९८० च्या दशकाच्या उत्तरार्धात आलेल्या 'एक शून्य शून्य'मधील कथा मुंबई पोलिसांनी हाताळलेल्या खऱ्या प्रकरणांवर बेतलेल्या होत्या. 'करमचंद'सारख्या मालिकांत रहस्य उलगडणारा खासगी गुप्तहेर असे. येथे नायकत्व पोलिसांच्या तपासाला लाभले. बँकेत नोकरी करणारे अभिनेते शिवाजी साटम याच मालिकेत झळकले. तेच पुढे सिंग यांचे एसीपी प्रद्युम्न झाले.

निर्माते प्रदीप उप्पूर यांच्यासमवेत सिंग यांनी १९९५ मध्ये 'आहट' ही भयमालिका आणली. २१ जानेवारी १९९८ रोजी 'सोनी'वर 'सीआयडी' सुरू झाली आणि २७ ऑक्टोबर २०१८ पर्यंत तिचे दीड हजारांहून अधिक भाग प्रसारित झाले. २००४ मधील 'द इनहेरिटन्स' हा १११ मिनिटांचा भाग कोठेही न थांबता एकाच शॉटमध्ये चित्रित झाला. त्याची नोंद 'गिनेस बुक'मध्ये झाली. छायालेखक म्हणून घेतलेल्या शिक्षणाचा कस येथे लागला.

मात्र, 'सीआयडी'तील प्रकरणे काल्पनिक होती आणि हा बदल केवळ कथेपुरता राहिला नाही. प्रयोगशाळेचा अहवाल तासाभरात हाती येऊ लागला. दयाच्या एका थपडेने गुन्हेगार कबुली देऊ लागला. प्रत्यक्षात पोलिसांसमोर दिलेला कबुलीजबाब न्यायालयात सहसा पुरावा म्हणून ग्राह्य धरला जात नाही. साक्षीदार, पंचनामा आणि वर्षानुवर्षे चालणारा खटला हा तपासाचा कंटाळवाणा, पण निर्णायक भाग मालिकेबाहेरच राहिला. लोकप्रियतेसाठी मोजलेली ही किंमत लहान नव्हती, कारण अनेक घरांत पोलीस तपासाची पहिली कल्पना याच मालिकेने रुजवली.

तरीही सिंग यांचे श्रेय उणे ठरत नाही. अतिमानवी नायकाऐवजी एकत्र काम करणारे पथक त्यांनी केंद्रस्थानी आणले आणि गुन्हा सिद्ध करण्यासाठी पुरावा लागतो, ही जाणीव लहान मुलांपर्यंत पोहोचविली. २०१८ च्या अखेरीस, ज्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये ते घडले, तिच्याच सोसायटीचे अध्यक्षपद त्यांच्याकडे आले. डिसेंबर २०२४ मध्ये 'सीआयडी' पडद्यावर परतली. खऱ्या प्रकरणांशी इमान राखणारी 'एक शून्य शून्य' मात्र मराठी प्रेक्षकांच्या आठवणीतच उरली आहे.