रॉकेट एंजिन : इतिहास व कार्यक्षमतेचे मापन

रॉकेट एंजिन : आपल्याबरोबर नेलेले इंधन व ते जाळण्यास लागणारा ऑक्सिडीकारक यांच्या ज्वलनाने निर्माण होणारे वायू एका दिशेने अतिवेगाने बाहेर टाकून विरुद्ध दिशेने रेटा मिळविणारे एंजिन. इंधन व ऑक्सिडीकारक यांना मिळून प्रचालक असे म्हणतात. बाहेरील हवेची आवश्यकता नसल्यामुळे हे एंजिन निर्वातातही चालते व हाच त्याचा झोत एंजिनाहून मुख्य भेद होय. आयझॅक न्यूटन यांनी १६८७ मध्ये मांडलेल्या गतीच्या तिसऱ्या नियमाने त्याचे कार्य स्पष्ट होते. तथापि प्रत्यक्ष रॉकेट या नियमाहून कित्येक शतके जुने आहे.

दारूचे बाण : सोरा, गंधक व कोळसा यांच्या दारूने उडणारी रॉकेटे तेराव्या शतकात चीनमध्ये वापरात होती. पुढे हे अस्त्र भारतात आले. मराठी कागदपत्रांत त्याला ‘बाण’ असे म्हटलेले आढळते. खर्ड्याच्या लढाईत (११ मार्च १७९५) मराठ्यांनी निजामाच्या फौजेवर बाणांचा मारा केला होता. हैदर अली व टिपू सुलतान यांच्या म्हैसूरच्या सैन्याने बाणासाठी लोखंडी नळी वापरली. कागद किंवा बांबू यांच्या नळीपेक्षा ती अधिक दाब सहन करीत असल्याने ज्वलन अधिक जोमाने होई आणि पल्ला वाढे. श्रीरंगपट्टणच्या पाडावानंतर (१७९९) अशी रॉकेटे इंग्लंडला नेण्यात आली. त्यांच्या अभ्यासातून विल्यम कॉन्ग्रीव्ह (१७७२–१८२८) यांनी १८०५ च्या सुमारास वुलिच येथे सुधारित रॉकेट सिद्ध केले.

हे सुधारित अस्त्र लवकरच भारतात परत आले. तिसऱ्या इंग्रज–मराठा युद्धात महिदपूरची लढाई (२१ डिसेंबर १८१७) जिंकून सर टॉमस हिस्लॉप यांचे सैन्य खानदेशात उतरले. या सैन्यात रॉकेट तुकडीचा समावेश होता. मंदसोरच्या तहाप्रमाणे होळकरांनी सोडून दिलेला तापीकाठचा थाळनेरचा किल्ला (सध्या धुळे जिल्ह्यात) किल्लेदाराने ताब्यात देण्याचे नाकारले, तेव्हा २७ फेब्रुवारी १८१८ रोजी तो हल्ला करून घेण्यात आला. परंतु त्याचा निकाल लागला तो तोफांच्या माऱ्याने व दरवाजांवरील पायदळाच्या हल्ल्याने. त्या काळी रॉकेट शत्रूच्या घोडदळात घबराट उडविण्यास उपयोगी पडे; नेमका वेध घेणे वा तटबंदी फोडणे त्याच्या आवाक्याबाहेरचे होते. एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धात आटे पाडलेल्या नळीच्या तोफा प्रचारात आल्या व रॉकेट मागे पडले.

या अपयशाचे एक कारण नेमकेपणाचा अभाव हे होते. दुसरे कारण प्रचालकातच होते. बंदुकीच्या दारूच्या ज्वलनातून निघणाऱ्या पदार्थांपैकी निम्म्याहून अधिक भाग वायुरूप नसून घन कणांचा असतो. हे कण स्वतः प्रसरण पावत नाहीत. शिवाय वायूंचे योग्य प्रसरण घडवून आणणारी नलिकाही त्या रॉकेटांना नव्हती. त्यामुळे दारूतील उष्णतेचा फार थोडा अंश गतीत रूपांतरित होई. तो किती, हे मोजण्याचे साधन मात्र शंभर वर्षे उपलब्ध झाले नाही.

मापनाचा प्रारंभ : रशियन शिक्षक कॉन्स्टंटीन त्सिओल्कोव्हस्की (१८५७–१९३५) यांनी १९०३ मध्ये प्रसिद्ध केलेल्या समीकरणानुसार रॉकेटाला मिळणारा वेग दोनच गोष्टींवर अवलंबून असतो : बाहेर पडणाऱ्या वायूंचा वेग आणि प्रचालकासहित व प्रचालकाविना असलेल्या वस्तुमानांचे गुणोत्तर. या गुणोत्तराचा स्वाभाविक लॉगरिथम घेऊन त्यास वायूंच्या वेगाने गुणिले असता रॉकेटाचा वेग मिळतो.

याचा अर्थ एका उदाहरणावरून स्पष्ट होईल. गुरुत्वाकर्षण व हवेचा रोध यांमुळे होणारा क्षय सोडून दिला, तर पृथ्वीभोवती कक्षेत फिरण्यासाठी दर सेकंदास सु. ८ किमी. वेग लागतो. वायूंचा वेग सेकंदास ८०० मी. असेल (चांगल्या दारूने एवढा मिळतो), तर सुटतानाचे वस्तुमान अखेरच्या वस्तुमानाच्या सु. २२,००० पट असावे लागेल. तो वेग ३,००० मी. असल्यास हे प्रमाण सु. १४ पट आणि ४,५०० मी. असल्यास सु. ६ पट होते. म्हणजे दारूच्या एकाच बाणाने कक्षा गाठणे व्यवहारात अशक्य आहे, तर उत्तम प्रचालकाने ते शक्यतेच्या कक्षेत येते.

अमेरिकन भौतिकीविज्ञ रॉबर्ट हचिंग्ज गॉडर्ड (१८८२–१९४५) यांनी हे मापन प्रयोगाने केले. दारूच्या सामान्य रॉकेटांतील वायूंचा वेग सेकंदास सु. ३०० मी. व ऊर्जेच्या दृष्टीने कार्यक्षमता केवळ २ टक्क्यांच्या आसपास असल्याचे त्यांना आढळले. स्वीडिश अभियंते गुस्ताफ द लाव्हाल यांनी वाफेच्या टरबाइनासाठी योजलेला, प्रथम निमुळता होऊन पुढे रुंदावणारा प्रोथ त्यांनी रॉकेटास जोडला व धूरविरहित दारू वापरली. तेव्हा वायूंचा वेग सेकंदास सु. २,४०० मी. पर्यंत व कार्यक्षमता ६० टक्क्यांवर गेली. निर्वातातही रेटा मिळतो, हेही त्यांनी प्रयोगाने दाखविले. तरीसुद्धा ढकलण्यास हवा नसेल, तर रॉकेट पुढे जाणार नाही, अशी टीका न्यूयॉर्क टाइम्स या वृत्तपत्राने जानेवारी १९२० मध्ये केली. ती त्या पत्राने जुलै १९६९ मध्ये, चांद्रयात्री मार्गस्थ झाल्यावर, मागे घेतली. दरम्यान १६ मार्च १९२६ रोजी गॉडर्ड यांनी पेट्रोल व द्रवरूप ऑक्सिजन यांवर चालणारे पहिले द्रव-प्रचालक रॉकेट उडविले होते.

विशिष्ट आवेग : रॉकेट एंजिनाची कार्यक्षमता शेकडेवारीत सांगणे पुरेसे ठरत नाही. रॉकेटाच्या गतीत उतरणाऱ्या ऊर्जेचे प्रमाण हे रॉकेटाच्या स्वतःच्या वेगानुसार बदलते. रॉकेटाचा वेग वायूंच्या वेगाइतका असताना ते सर्वाधिक असते, तर चाचणी मंचावर जखडून ठेवलेल्या एंजिनाच्या बाबतीत ते शून्य येते. त्यामुळे या प्रमाणावरून दोन एंजिनांची तुलना करता येत नाही.

यासाठी ‘विशिष्ट आवेग’ ही राशी वापरतात. एंजिनाच्या रेट्यास दर सेकंदास खर्च होणाऱ्या प्रचालकाच्या वजनाने भागले असता ती मिळते व ती सेकंदांत व्यक्त करतात. एक किलोग्रॅम प्रचालक एक किलोग्रॅम-भार इतका रेटा जितके सेकंद देऊ शकेल, तितका त्याचा विशिष्ट आवेग होय. त्यास ९·८ ने गुणिले की वायूंचा परिणामी वेग सेकंदास मीटरांत मिळतो. ज्वलनकोठीतील तापमान जितके उच्च व बाहेर पडणारे रेणू जितके हलके, तितका हा आवेग अधिक असतो. बाह्य दाब कमी झाला की रेटा वाढतो. म्हणून हा आकडा समुद्रसपाटीचा की निर्वातातील, हे सांगणे आवश्यक असते.

मापनासाठी एंजिन मंचावर घट्ट बसवून त्याचा रेटा भारमापकाने व प्रचालकाचा प्रवाह प्रवाहमापकाने मोजतात. घन प्रचालकाचा प्रवाह मोजता येत नाही. म्हणून रेटा व काल यांच्या आलेखाखालील क्षेत्रफळाला जळलेल्या प्रचालकाच्या वजनाने भागतात.

भारत व महाराष्ट्र : थुंबा येथून २१ नोव्हेंबर १९६३ रोजी अमेरिकन बनावटीचे पहिले परिज्ञापी रॉकेट सुटले. देशी घन प्रचालकांच्या विकासात वसंत गोवारीकर (१९३३–२०१५) यांचा मोठा वाटा आहे. १८ जुलै १९८० रोजी रोहिणी उपग्रह कक्षेत नेणाऱ्या एसएलव्ही–३ च्या चारही टप्प्यांत घन प्रचालक होता. पीएसएलव्हीच्या पहिल्या टप्प्याचा निर्वातातील विशिष्ट आवेग सु. २६९ सेकंद, द्रव प्रचालकाच्या विकास एंजिनाचा सु. २९३ सेकंद, तर द्रवरूप हायड्रोजन व ऑक्सिजन वापरणाऱ्या सीई–७·५ या निम्नतापी एंजिनाचा सु. ४५४ सेकंद आहे.

या शेवटच्या आकड्याचे महत्त्व राजकीय घटनांतही दिसून आले. निम्नतापी तंत्रविद्या भारतास देण्याचा १९९१ चा करार अमेरिकेच्या दडपणामुळे रशियाने १९९३ मध्ये बदलला. तयार एंजिने मिळाली, पण विद्या मिळाली नाही. देशी एंजिनाचे १५ एप्रिल २०१० चे पहिले उड्डाण अयशस्वी झाले. ५ जानेवारी २०१४ रोजी जीएसएलव्ही–डी५ चे उड्डाण यशस्वी झाले. विकास व निम्नतापी एंजिनांच्या निर्मितीत मुंबईतील विक्रोळी येथील गोदरेजचा, तर घन प्रचालक टप्प्यांच्या कवचांच्या निर्मितीत वालचंदनगर (जि. पुणे) येथील कारखान्याचा सहभाग आहे.

खानदेशाचा संबंध लष्करी रॉकेटाशी पुन्हा जुळला तो भुसावळ येथे. जळगाव जिल्ह्यातील या गावी १९४९ मध्ये स्थापन झालेल्या आयुध निर्माणीत पिनाक रॉकेटांचे कप्पे तयार होतात. पिनाक प्रणाली पुण्यातील संरक्षण संशोधन संस्थांनी विकसित केली असून १९९९ च्या कारगिल युद्धात ती वापरली गेली. २१४ मिमी. व्यासाच्या या रॉकेटात संमिश्र घन प्रचालक असतो. पहिल्या प्रकारचा पल्ला सु. ३८ किमी. असून एका वाहनावरील दोन कप्प्यांतील १२ रॉकेटे ४४ सेकंदांत डागता येतात. थाळनेरपुढे आलेले रॉकेट व हे रॉकेट यांचे तत्त्व एकच आहे. त्यांच्यातील अंतर आहे ते प्रचालकाच्या प्रत्येक किलोग्रॅमपासून मिळणाऱ्या आवेगाचे, प्रोथाच्या रचनेचे आणि ते मोजून सुधारण्याच्या पद्धतीचे.