‘फॉर्थविथ’ या इंग्रजी क्रियाविशेषणाचा अर्थेतिहास : १९५६ चा मुंबईतील खटला आणि मराठी कायदेभाषा

प्रस्तावना

शब्दांचा इतिहास हा बहुधा भाषाशास्त्राचा विषय मानला जातो. इतिहासाचा अभ्यासक राजवटी, चळवळी, करार व कायदे यांकडे पाहतो. त्या कायद्यांतील एखाद्या अव्ययाकडे त्याचे लक्ष क्वचितच जाते. तथापि कायद्याच्या वाक्यातील एका क्रियाविशेषणावर माणसाचे स्वातंत्र्य अवलंबून असते, तेव्हा ते अव्यय इतिहासाचे साधन ठरते. ‘फॉर्थविथ’ हे असेच एक इंग्रजी क्रियाविशेषण आहे. आजच्या बोलीतील इंग्रजीत ते फारसे ऐकू येत नाही, वृत्तपत्रांतही विरळाच आढळते. कायदा, न्यायालयीन आदेश व सरकारी पत्रव्यवहार यांत मात्र ते टिकून आहे. या शब्दाचा भारतीय कायद्यातील अर्थ ज्या महत्त्वाच्या खटल्यात निश्चित झाला, त्याची पार्श्वभूमी संयुक्त महाराष्ट्राच्या आंदोलनाची आहे. मराठी भाषकांच्या राज्यासाठी झालेल्या लढ्याच्या ओघात एका इंग्रजी शब्दाची व्याख्या ठरावी, ही घटना इतिहास व भाषा या दोन्ही विषयांच्या अध्यापकांना विचारप्रवृत्त करणारी आहे.

उद्दिष्टे

प्रस्तुत शोधनिबंधाची उद्दिष्टे पुढीलप्रमाणे आहेत.
१) ‘फॉर्थविथ’ या शब्दाची घडण व त्याचा मूळ अर्थ पाहणे.
२) १९५६ च्या खटल्यात या शब्दाला कोणता अर्थ मिळाला, याचा ऐतिहासिक संदर्भात विचार करणे.
३) मराठीतील समानार्थी अव्ययांची तुलना करून कायद्याच्या मराठीकरणातील एक अडचण स्पष्ट करणे.

अभ्यासासाठी ऐतिहासिक व वर्णनात्मक पद्धतीचा अवलंब केला आहे.

शब्दाची घडण

‘फॉर्थ’ म्हणजे पुढे आणि ‘विथ’ म्हणजे सह, बरोबर. मध्ययुगीन इंग्रजीत हे दोन घटक एकत्र आले. ‘त्यासोबत’, ‘त्याचबरोबर’ असा मूळचा भाव होता. एका घटनेसोबतच दुसरी घटना घडली, तर दोहोंमध्ये वेळ उरत नाही. या न्यायाने सहवाचक शब्द कालवाचक झाला आणि त्याला ‘तत्क्षणी’ हा अर्थ प्राप्त झाला.

मराठी वाचकाला ही वाट परकी वाटण्याचे कारण नाही. ‘बरोबर’ हा फारसीतून आलेला शब्द मराठीत सोबत दाखवतो : ‘तो माझ्याबरोबर आला.’ तोच शब्द कृदंताला जोडला की काळ दाखवतो : ‘बातमी कळल्याबरोबर तो निघाला.’ येथे सोबत कोणत्या व्यक्तीची नाही, दोन क्रियांची आहे. पेशवेकालीन पत्रव्यवहारातील ‘पत्रदर्शनी निघोन येणे’ या आज्ञेतही पत्र दृष्टीस पडणे व निघणे यांमध्ये अवकाश ठेवलेला नाही. म्हणजेच विलंबाला वाव न ठेवणारी आज्ञा ही इंग्रजी कायद्याची देणगी नव्हे. आपल्या राज्यव्यवहाराला ती पूर्वीपासून परिचित होती.

‘लगेच’ या अर्थाच्या शब्दांचा एक स्वभाव येथे लक्षात घ्यावा लागतो. असे शब्द कालांतराने सैल होतात. इंग्रजीतील ‘सून’ या शब्दाचा जुना अर्थ ‘तत्क्षणी’ असा होता. आज तो ‘लवकरच’ एवढाच उरला आहे. ‘अनॉन’ व ‘प्रेझेंटली’ या शब्दांचेही तेच झाले. मराठीत ‘हा आलोच’ म्हणणारा मनुष्य किती वेळाने येईल, हे सांगता येत नाही. रेल्वेच्या ‘तत्काल’ योजनेतील तिकीट प्रवासाच्या आदल्या दिवसापासून काढता येते. तेथे हा कालवाचक शब्द तिकिटाच्या एका प्रकाराचे नाव झाला आहे. माणसाची दिरंगाई शब्दाच्या अर्थात हळूहळू मुरते, असे म्हणता येईल. कायद्याला मात्र असा सैलपणा परवडत नाही. म्हणूनच त्याने बोलण्यातून मागे पडलेला, वापराने न झिजलेला शब्द जवळ ठेवला असावा.

इंग्लंडमधील न्यायालयांनाही या शब्दाच्या अर्थाचा निर्णय करावा लागला होता. १८७९ च्या बर्कशायर येथील दंडाधिकाऱ्यांच्या प्रकरणात या शब्दात विलंबरहित, जोरकस कृती अपेक्षित आहे, असे मानले गेले. १८८१ च्या दुसऱ्या एका प्रकरणात हा शब्द ज्या परिस्थितीत वापरला आहे तिला धरून त्याचा अर्थ लावावा, असा विचार पुढे आला. एका मताचा भर तत्परतेवर होता, तर दुसऱ्याचा परिस्थितीवर. हे दोन्ही प्रवाह पुढे भारतात एकत्र आले.

जानेवारी १९५६ : मुंबई

राज्य पुनर्रचना आयोगाचा अहवाल ऑक्टोबर १९५५ मध्ये प्रसिद्ध झाला आणि मुंबईच्या भवितव्याचा प्रश्न पेटला. २१ नोव्हेंबर १९५५ रोजी फ्लोरा फाउंटन परिसरात गोळीबार होऊन माणसे मृत्युमुखी पडली. १६ जानेवारी १९५६ रोजी पंतप्रधान जवाहरलाल नेहरू यांनी आकाशवाणीवरून मुंबई केंद्रशासित राहील असे जाहीर केले. त्यानंतरचे काही दिवस मुंबई शहर दंगल, संचारबंदी व गोळीबार यांनी ग्रासलेले होते.

याच काळात प्रतिबंधक स्थानबद्धता अधिनियम, १९५० याचा वापर करण्यात आला. मुंबईच्या पोलीस आयुक्तांनी केशव नीलकंठ जोगळेकर व इतरांविरुद्ध १३ जानेवारी रोजी स्थानबद्धतेचे आदेश काढले. १६ जानेवारी रोजी त्यांना अटक झाली. स्थानबद्धतेची कारणे त्यांना २० जानेवारी रोजी देण्यात आली. आयुक्तांनी राज्य शासनाला अहवाल पाठवला तो २१ जानेवारी रोजी, आणि शासनाने २३ जानेवारी रोजी त्यास मान्यता दिली.

या तारखांचे महत्त्व कायद्याच्या रचनेत आहे. आरोप सिद्ध होण्यापूर्वीच मनुष्याला बंदिवासात ठेवण्याचा हा अधिकार एका अधिकाऱ्याच्या हाती दिलेला होता. म्हणून कायद्याने त्यावर काही बंधने घातली. कलम ३, पोटकलम (३) प्रमाणे अधिकाऱ्याने आदेशाची माहिती कारणांसह राज्य शासनाला ‘फॉर्थविथ’ कळवली पाहिजे आणि शासनाने मान्यता न दिल्यास आदेश बारा दिवसांपलीकडे अमलात राहू शकत नाही. कलम ७ प्रमाणे स्थानबद्ध व्यक्तीला कारणे कळवायची होती. तेथे मात्र ‘ॲज सून ॲज मे बी’, म्हणजे होईल तितक्या लवकर, असा वेगळा शब्दप्रयोग होता व पाच दिवसांची कमाल मर्यादाही होती.

अर्जदारांचा मुद्दा सरळ होता. १३ तारखेच्या आदेशाचा अहवाल २१ तारखेला गेला. आठ दिवसांनी पाठवलेल्या अहवालाला ‘फॉर्थविथ’ म्हणता येत नाही. सबब स्थानबद्धता अवैध आहे. वस्तुतः सर्व कृती बारा दिवसांच्या आत झाली होती. त्यामुळे प्रश्न उरला तो केवळ एका क्रियाविशेषणाचा.

सर्वोच्च न्यायालयाचा अर्थनिर्णय

सर्वोच्च न्यायालयाने १९५६ मध्येच दिलेल्या निर्णयात हे दोन शब्दप्रयोग एकाच अर्थाचे नाहीत, असे स्पष्ट केले. एकाच कायद्यात विधिमंडळ दोन निरनिराळे शब्द वापरते, तेव्हा त्यांमागे भिन्न हेतू असतो. ‘होईल तितक्या लवकर’ या प्रयोगात काम करणाऱ्याच्या वाजवी सोयीला जागा आहे. ‘फॉर्थविथ’ हा शब्द अधिक कडक आहे. तेथे सोय हा निकष नाही. अधिकाऱ्याचा कोणताही दोष नसताना जो वेळ गेला तेवढाच वेळ क्षम्य आहे. विलंब टाळता आला असता काय, हा खरा प्रश्न.

इथवर शब्दाचा अर्थ नागरिकाच्या बाजूचा आहे. परंतु हा निकष प्रत्यक्ष घटनेला लावताना न्यायालयाने त्या दिवसांतील मुंबईची स्थिती विचारात घेतली. शहरातील असाधारण अशांतता पाहता आयुक्तांना झालेला उशीर टाळता येण्याजोगा नव्हता, असे ठरले व अर्ज फेटाळले गेले.

या निकालाचे मर्म दुहेरी आहे. शब्दाची व्याख्या कडक झाली, पण अर्जदारांना तिचा लाभ झाला नाही. ज्या अशांततेचे कारण देऊन माणसांना स्थानबद्ध केले गेले, तीच अशांतता अहवालाच्या विलंबाचेही समर्थन ठरली. आणीबाणीच्या प्रसंगी अधिकार वाढतात आणि त्याच प्रसंगी अधिकारावरील लगाम ढिला होतो, हा इतिहासाचा अनुभव येथे एका शब्दाच्या अर्थात नोंदला गेला आहे.

सोलापूरकरांना हा अनुभव नवा नाही. १२ मे १९३० ते ३० जून १९३० या काळात सोलापूर शहर फौजी अंमलाखाली होते. त्यासाठी व्हाइसरॉयने ‘सोलापूर मार्शल लॉ’ या नावाचा वटहुकूमही काढला. मल्लप्पा धनशेट्टी, अब्दुल रसूल कुर्बान हुसेन, जगन्नाथ शिंदे व श्रीकिसन सारडा या चार हुतात्म्यांना १२ जानेवारी १९३१ रोजी येरवड्यात फाशी देण्यात आली. ‘मार्शल लॉ’ हा इंग्रजी शब्द भाषांतराची वाट न पाहता सोलापूरच्या स्मृतीत जसाच्या तसा राहिला आहे. त्या पन्नास दिवसांचा अनुभव आठवला, म्हणजे अधिकाऱ्याने आपली कृती वरिष्ठ मुलकी सत्तेला विनाविलंब कळवावी, या छोट्या अटीचे मोल कळते.

पुढील काळ

१९५० चा अधिनियम १९६९ अखेर संपुष्टात आला. पण हा शब्द संपला नाही. १९८० च्या राष्ट्रीय सुरक्षा अधिनियमात तो आला. महाराष्ट्राच्या १९८१ च्या झोपडपट्टी गुंड, हातभट्टीवाले आदींविषयीच्या स्थानबद्धता कायद्यातही ‘फॉर्थविथ’ अहवाल व बारा दिवसांची मुदत ही जोडी कायम राहिली. १ जुलै २०२४ पासून अमलात आलेल्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेनेही जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेतील हा शब्द सोडलेला नाही.

जोगळेकर प्रकरणातील निकषाचा लाभ पुढे एका स्थानबद्ध व्यक्तीला मिळाला. २०१८ मध्ये हेचिन हाओकिप विरुद्ध मणिपूर राज्य या प्रकरणात जिल्हा दंडाधिकाऱ्याने पाच दिवसांनी अहवाल पाठवला होता. त्या विलंबाचे समाधानकारक स्पष्टीकरण नसल्याने सर्वोच्च न्यायालयाने स्थानबद्धता रद्द केली. १९५६ चे आठ दिवस क्षम्य ठरले, २०१८ चे पाच दिवस अक्षम्य. हा विरोधाभास वरवरचा आहे. मोजले गेले ते दिवस नव्हेत, दिवसांची कारणे. २०२४ मध्ये पोलिसांनी जप्तीची माहिती दंडाधिकाऱ्यास कळवण्यासंबंधीच्या शेंटो वर्गीस प्रकरणातही परिस्थितीसापेक्ष अर्थच स्वीकारला गेला. मात्र केवळ उशिरा कळवल्यामुळे जप्ती आपोआप अवैध ठरत नाही, असेही सांगितले गेले. म्हणजे कर्तव्य कायम राहिले, पण ते मोडल्याचा परिणाम प्रत्येक कायद्यात सारखा राहिला नाही.

मराठीपुढील प्रश्न

महाराष्ट्र राज्याच्या स्थापनेनंतर भाषा संचालनालय स्थापन झाले, १९६४ मध्ये राजभाषा अधिनियम झाला व १९९८ मध्ये कनिष्ठ न्यायालयांची भाषा म्हणून मराठीला स्थान मिळाले. या प्रवासात परिभाषेचे मोठे काम झाले. परंतु परिभाषेचा भर साहजिकच नामांवर राहिला. न्यायालय, अधिनियम, वटहुकूम, स्थानबद्धता असे शब्द स्थिर झाले. क्रियाविशेषणांकडे तेवढे लक्ष गेले नाही.

मराठीत शब्दांची उणीव नाही. ‘तत्काळ’ म्हणजे त्याच वेळी. हा शब्द क्षण दाखवतो. ‘विनाविलंब’ हा शब्द टाळाटाळीचा निषेध करतो. ‘तातडीने’ व ‘त्वरित’ हे कामाची निकड आणि वेग सांगतात. ‘शक्य तितक्या लवकर’ हा प्रयोग करणाऱ्याच्या शक्यतेला मान देतो. कार्यालयीन परिपत्रकांत मात्र हे सर्व शब्द एकमेकांच्या जागी वापरले जातात; कधी भर देण्यासाठी दोन शब्द एकापुढे एक ठेवले जातात. जोगळेकर प्रकरणाच्या दृष्टीने पाहता ही केवळ शैलीची बाब नाही. कलम ३ आणि कलम ७ यांच्या मराठी अनुवादात एकच शब्द आला, तर ज्या भेदावर न्यायालयाचा सारा अर्थनिर्णय उभा आहे तो भेदच नाहीसा होईल.

न्यायालयाने दिलेला अर्थ ध्यानात घेता ‘फॉर्थविथ’ला ‘विनाविलंब’ हा प्रतिशब्द प्रस्तुत लेखकाला अधिक जवळचा वाटतो. ‘तत्काळ’ घड्याळाकडे बोट दाखवतो, तर ‘विनाविलंब’ अधिकाऱ्याच्या वर्तनाकडे. न्यायालयाने तपासले आहे ते वर्तनच. अर्थात एक शब्द निवडून तो सर्वत्र सारखा वापरणे, हे त्या निवडीपेक्षाही महत्त्वाचे आहे.

निष्कर्ष

१) ‘फॉर्थविथ’ या शब्दाचा सहवाचकाकडून कालवाचकाकडे झालेला प्रवास मराठीतील ‘बरोबर’ या शब्दाच्या प्रवासाशी समांतर आहे.
२) १९५६ च्या निर्णयाने या शब्दाला ‘टाळता येण्याजोगा विलंब न करता’ हा अर्थ दिला व ‘होईल तितक्या लवकर’ यापासून त्याला वेगळे केले. त्या अर्थात संयुक्त महाराष्ट्र आंदोलनाच्या काळातील मुंबईची परिस्थिती मिसळलेली आहे.
३) हा निकष दुधारी आहे. असाधारण परिस्थिती अधिकाऱ्याचा बचाव करते. परंतु कारण न सांगता आल्यास तोच निकष नागरिकाला मुक्त करतो.
४) मराठी कायदेभाषेने नामांप्रमाणेच क्रियाविशेषणांचेही प्रमाणीकरण करणे आवश्यक आहे. तुरुंगाबाहेर वाट पाहणाऱ्या कुटुंबाला ‘तत्काळ’ आणि ‘शक्य तितक्या लवकर’ यांतील अंतर दिवसांत मोजावे लागते. ते अंतर आपल्या भाषेत स्पष्ट राहावे, यासाठी भाषा व विधी या दोन्ही विभागांच्या अध्यापकांनी एकत्र काम करण्याची गरज आहे.