‘खासगी’ नावाची सार्वजनिक मालमत्ता : इंदूरच्या होळकर धर्मादायाचा वाद

‘खासगी’ हा शब्द अरबी ‘खास’वरून फारसी दप्तरामार्फत मराठीत रुळला. होळकर राज्यात त्याला विशिष्ट अर्थ होता. राज्याचा खजिना तो ‘दौलत’ आणि राजघराण्यातील स्त्रीच्या स्वतंत्र उत्पन्नाची ती ‘खासगी’. पेशव्यांनी १७३४ मध्ये मल्हारराव होळकरांच्या पत्नी गौतमाबाई यांच्या नावे जहागीर दिली, तेथून ही व्यवस्था सुरू झाली. पुढे अहिल्याबाईंनी (राज्यकाल १७६७ ते १७९५) देशभर घाट, मंदिरे व धर्मशाळा उभारल्या. त्यांच्या या दानधर्माचा मोठा आधार खासगीचे उत्पन्न हाच होता.

संस्थाने विलीन झाली तेव्हा या मालमत्तेचे काय करावे, हा प्रश्न उभा राहिला. मध्य भारत संघाचा करार एप्रिल १९४८ मध्ये झाला. त्यानंतर खासगीच्या मिळकती व उत्पन्न शासनाकडे जावे आणि त्याबदल्यात अहिल्याबाईंच्या धर्मादायासाठी शासनाने दरवर्षी २,९१,९५२ रुपये कायम बाजूला ठेवावेत, असे ठरले. यशवंतराव होळकर (दुसरे) यांचे १९६१ मध्ये निधन झाले. पुढील वर्षी, २७ जून १९६२ रोजी, विश्वस्तपत्र होऊन २४६ मिळकतींचा कारभार विश्वस्तांकडे आला.

वादाचे बीज येथेच होते. जतन करणे आणि मालकी गाजवणे यांतील सीमारेषा कोणती? हरिद्वारच्या कुशावर्त घाटाच्या विक्रीवरून हा प्रश्न न्यायालयात गेला. उच्च न्यायालयाच्या इंदूर खंडपीठाने ५ ऑक्टोबर २०२० रोजी या मिळकती राज्य शासनाच्या असल्याचा निर्णय दिला आणि आर्थिक गुन्हे शाखेमार्फत चौकशीचा आदेश केला. विश्वस्तांनी त्याविरुद्ध सर्वोच्च न्यायालयात दाद मागितली. २१ जुलै २०२२ च्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने आर्थिक गुन्हे शाखेच्या चौकशीचा आदेश रद्द केला. मात्र या संस्थेस मध्य प्रदेश सार्वजनिक विश्वस्त कायदा, १९५१ लागू होतो, तेव्हा एका महिन्यात नोंदणीसाठी अर्ज करावा, असेही बजावले. आजवरच्या हस्तांतरणांची निबंधकाने चौकशी करावी आणि नुकसान झाले असल्यास ते संबंधित विश्वस्तांनी संस्थेस भरून द्यावे, असा आदेश झाला.

या कायद्याची रचना ध्यानात घेण्यासारखी आहे. कलम १४ नुसार निबंधकाच्या पूर्वपरवानगीवाचून विश्वस्तांना स्थावर मिळकत विकता, गहाण ठेवता वा दान देता येत नाही. नोंदणीच्या चौकशीतील निष्कर्ष मान्य नसेल, तर कलम ८ नुसार सहा महिन्यांत दिवाणी दावा दाखल करता येतो. म्हणजे प्राथमिक चौकशी निबंधकाची, पण मालमत्ता विश्वस्त संस्थेची की कोणाची व्यक्तिगत, या वादासाठी दिवाणी न्यायालयाचे दार उघडे असते.

या प्रकरणातून एक गोष्ट स्पष्ट होते. मिळकतीवर नाव कोणाचे, एवढ्याने तिचा प्रश्न सुटत नाही. ती कोणत्या हेतूने दिली आणि कोणत्या कागदाने कोणाकडे आली, हेही पाहावे लागते. धर्मादाय असो वा शिक्षणसंस्था, मूळ दानपत्र, नोंदणी आणि प्रत्येक हस्तांतरणाचे दप्तर जपलेले असेल तर वाद न्यायालयापर्यंत जाण्याची वेळ क्वचितच येते. आणि गेलाच, तर तेथे तेच दप्तर साक्ष देते. होळकरांनी जिला ‘खासगी’ म्हटले, ती मालमत्ता लोकांसाठी राखलेली ठेव होती, हे कायद्याच्या भाषेत ठरायला दोन शतकांहून अधिक काळ लागला.